पाऊण लिटर, तीस दिवस

या महिन्यातल्या पत्रांत पूर्ण संख्या आणि अपूर्णांक यांच्या गुणाकाराचीच झुंबड आहे. शाळांत तो धडा चालू असणार, त्याशिवाय एवढ्या आया एकदम जाग्या होत नाहीत. काही पत्रं मात्र शाळेबाहेरची आहेत, आणि मला तीच जास्त आवडली.

प्रश्न : मुलगा पाचवीत आहे. गणित असं होतं : 'एका घरी रोज ३/४ लिटर दूध लागते, तर ३० दिवसांत किती दूध लागेल?' त्याने ३० ने वरही गुणलं, खालीही गुणलं आणि ९०/१२० उत्तर काढलं. 'दोघांना सारखं द्यायचं' म्हणतो. चूक आहे म्हटलं, तर 'का चूक ते सांग' म्हणतो. मला सांगता येईना. — एक आई, सिन्नर

उत्तर : ताई, 'का' विचारणाऱ्या मुलाला रागावू नका. आधी त्याच्याकडून ९०/१२० ला संक्षिप्त रूप देऊन घ्या. अंश आणि छेद दोन्ही ३० ने भागले जातात, राहतात ३/४. म्हणजे महिनाभर रतीब घेतला आणि महिनाअखेर हिशेब लागला पाऊण लिटरचा! मग बाकीच्या २९ दिवसांचं दूध मांजर प्यायली का, एवढंच त्याला विचारा. तो हसेल आणि हसता हसता अडखळेल.

'दोघांना सारखं' हे त्याच्या डोक्यात कुठून आलं तेही सांगते. सममूल्य अपूर्णांक तो आधी शिकलाय. तिथे वर आणि खाली एकाच संख्येने गुणायचं असतं, कारण तिथे किंमत बदलायचीच नसते. इथे किंमत तीसपट करायची आहे. पोरानं नियम बरोबर पाठ केला, वापरला भलत्या ठिकाणी.

आता छेदाला हात का लावायचा नाही? छेद म्हणजे तुकड्याचं नाव. ३/४ मधला ४ सांगतो, की लिटरचे चार सारखे भाग केले आणि त्या भागाला आपण पाव म्हणतो. वरचा ३ सांगतो, असे तीन पाव. घरात पाव लिटरचं माप असेल तर ते काढा. रोज तीन मापं, असे तीस दिवस, म्हणजे नव्वद मापं. तीस दिवस झाले म्हणून माप लहान होतं का? खाली १२० लिहिलं, म्हणजे लिटरचे १२० तुकडे झाले. त्यातला एक तुकडा जेमतेम आठ मिलिलिटरचा. तेवढ्या मापानं दूध घालणारा गवळी मी तरी पाहिला नाही. तेव्हा ९० पाव, चार पावांचा एक लिटर, २२ लिटर झाले, दोन पाव उरले. साडेबावीस लिटर.

या गणिताचं माझ्याकडे एक जुनं देणं आहे. नव्वद सालाच्या आसपास मी चाळीसगाव तालुक्यातल्या एका गावी शिकवत होते. चाचणीत हेच गणित घातलं होतं. एका मुलानं उत्तरपत्रिकेत रीत म्हणून काहीच मांडलं नव्हतं. नुसतं लिहिलं होतं : '४ दिवस ३ लि. २८ दिवस २१ लि. २ दिवस दीड लि. साडेबावीस.' आणि खाली पेन्सिलीनं दोन रेघा. मी पाचपैकी अडीच गुण दिले आणि लाल शाईनं शेरा मारला, 'रीत कुठे आहे?' दुसऱ्या दिवशी पोरगा वही घेऊन टेबलाशी आला. म्हणाला, 'बाई, आमच्या घरी असाच हिशेब करतात.' त्याच्या घरी सात म्हशी होत्या आणि पहाटे गावात दूध घालायला तो स्वतः जायचा. मी त्याला जागेवर जायला सांगितलं. गुण वाढवले नाहीत. घरी जाऊन भाकरी थापताना कळलं, की त्याची रीत माझ्या रीतीपेक्षा सरळ होती. पाऊण लिटर चार दिवसांनी पूर्ण लिटरांत येतं, हे त्याला छेदानं नाही, किटलीनं शिकवलं होतं. आता तो चाळिशी ओलांडलेला असेल. हे वाचत असेल तर त्यानं उरलेले अडीच गुण माझ्याकडून घेऊन जावेत.

तुमच्या मुलाला त्याच्या पद्धतीनं पुढचं गणित घाला : महिना ३१ दिवसांचा, चार खाडे, रतीब पाऊण लिटरचा. उरले २७ दिवस. चोवीस दिवसांचे अठरा लिटर, तीन दिवसांचे सव्वादोन, एकूण सव्वावीस. पुस्तकी रीतीनं २७ × ३/४ = ८१/४ = २० १/४. दोन्ही उत्तरं एकमेकांना भेटली, की पुस्तकातली रीत त्याला परकी वाटणार नाही. मग घरच्या दुधाचं बिल महिनाभर त्याच्याकडे द्या. खाडे मांडायला कॅलेंडर पुरतं.

प्रश्न : वय वर्षे ८१. आमच्या वेळी शाळा सुटण्याआधी पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, औटकी असं सगळं एका सुरात म्हणून घेत. नातू सातवीत आहे आणि सात पाऊण किती हे मोबाइलला विचारतो. हे पाढे त्याला शिकवावेत का? की आम्ही म्हातारे उगाच मागचं उगाळतो? — सांगोला

उत्तर : काका, थोडं उगाळता, पण चंदन आहे.

तुम्ही ज्यांची नावं घेतलीत ते अपूर्णांकांचे पाढेच होते. पाव, अर्धा, पाऊण, सव्वा, दीड, अडीच आणि साडेतीन यांचे. आज नातवाच्या पुस्तकात ज्या धड्याला 'अपूर्णांकाचा पूर्ण संख्येशी गुणाकार' म्हणतात, तो तुम्ही नाव न घेता वयाच्या आठव्या वर्षी गाऊन संपवला होतात. तेव्हा त्याची गरजही होती. रुपयाचे सोळा आणे, आण्याचे चार पैसे. शेराचे अच्छेर, पावशेर. सगळा व्यवहार चारांच्या घरात चालायचा. १ एप्रिल १९५७ ला शंभर नव्या पैशांचा रुपया आला, मागोमाग किलो आणि लिटर आले आणि या पाढ्यांच्या पोटावर पाय आला.

पण बाजारात जाऊन पाहा. आमच्या भाजीवालीच्या इलेक्ट्रॉनिक काट्यावर ०.७५० दिसतं आणि ती म्हणते, 'पाऊण किलो झाली ताई.' भेंडी साठ रुपये किलो. काट्यावर भाव टाकायच्या आधीच ती 'पंचेचाळीस' म्हणून मोकळी होते. मी विचारलं, कसं काढलंत? म्हणे, 'पावाचे पंधरा, तीन पंधरे.' ही आपली पाऊणकीच, फक्त सूर गेला.

माझं स्पष्ट मत : सगळे पाढे घोकून घेऊ नका, नातू पळून जाईल. पाऊणकी, सवायकी आणि दिडकी एवढ्या तीन द्या, त्याही दहापर्यंत. माझे वडील एका किराणा दुकानात दिवाणजी होते. ते पाऊणकी अशी म्हणायचे : एक पाऊण पाऊण, दोन पाऊण दीड, तीन पाऊण सव्वादोन, चार पाऊण तीन, पाच पाऊण पावणेचार, सहा पाऊण साडेचार, सात पाऊण सव्वापाच, आठ पाऊण सहा, नऊ पाऊण पावणेसात, दाही पाऊण साडेसात. तुमच्या गावचा सूर वेगळा असेल, तोच ठेवा. म्हणून झालं की नातवाला फक्त शेवटाकडे कान द्यायला सांगा : पाऊण, दीड, सव्वा, पूर्ण, पाऊण, साडे, सव्वा, पूर्ण. चार पावलांची फुगडी आहे ती. हे त्याला स्वतःला सापडलं तर घोकंपट्टीची गरजच उरणार नाही.

औटकीचा आज उपयोग नाही. तरी 'औट घटकेचं राज्य' म्हणजे नेमकं किती वेळाचं, हे एकदा त्याच्याकडून काढून घ्या. घटका २४ मिनिटांची, औट म्हणजे साडेतीन. तीन चोवीस बहात्तर, वर निम्मे बारा, चौऱ्याऐंशी मिनिटं. दीड तासही नाही. हल्ली काही काही मंडळांच्या अध्यक्षांना तेवढंही मिळत नाही.

आणि एक खड्डा आधीच दाखवून ठेवा. 'पावणेदोन' हे पोरं हमखास २ ३/४ लिहितात. पाऊण आणि दोन असं त्यांच्या कानाला ऐकू येतं. पावणे म्हणजे पाव उणे. दोनाला पाव कमी, १ ३/४. सव्वामध्ये पाव जास्त, साडेमध्ये अर्धा जास्त, पावणेमध्ये पाव कमी. इंग्रजी माध्यमातल्या मुलांना हे कोणी सांगतच नाही, आणि मग ती पावणेदोनशे रुपयांच्या जागी पावणेतीनशे देऊन येतात. (पावणेदोनशे म्हणजे १ ३/४ × १०० = १७५. सव्वाशे, दीडशे, अडीच हजार हे सगळे शब्दच मुळात गुणाकार आहेत. आपण तोंडानं गुणाकार करतो आणि वहीत घाबरतो.)

प्रश्न : माझं शिवणाचं दुकान आहे. मुलीला शिकवताना अडकलो. २४ × २/३ = १६ आलं. गुणाकार केल्यावर संख्या वाढायला हवी ना? मग कमी कशी झाली? ती म्हणते, पप्पा, तुम्ही भागाकार केलात. — इचलकरंजी

उत्तर : भाऊ, तुम्ही भागाकारही केलात आणि गुणाकारही. २४ चे तीन भाग केले, एकेक ८ चा. त्यातले दोन घेतले, १६. उत्तर बरोबर आहे.

'गुणाकारानं वाढतं' हे आपण दुसरीत शिकलो तेव्हा खरं होतं, कारण तेव्हा सगळ्या संख्या एकाहून मोठ्या होत्या. आपल्या भाषेत 'पट' हा शब्द आहे, तो मुलीला द्या. दुप्पट म्हणजे दोनदा. दीडपट म्हणजे एकदा आणि वर अर्धं. एकपट म्हणजे जेवढ्यास तेवढं. मग पाऊणपट? एकदासुद्धा पूर्ण नाही, म्हणजे कमीच येणार. गुणणारी संख्या एकाहून मोठी असली तर वाढेल, लहान असली तर घटेल. उत्तर लिहिण्याआधी हे बघायची सवय लावली, की निम्म्या चुका वहीत उतरतच नाहीत.

दुसरी खूण म्हणजे 'चा-ची-चे'. '२४ मीटर कापडाचे दोन तृतीयांश' यातलं 'चे' म्हणजे गुणिले. शाब्दिक गणितात मुलांना हा 'चे' दिसत नाही. ती 'एकूण' दिसलं की बेरीज आणि 'उरले' दिसलं की वजाबाकी करतात. तुमच्या दुकानात ताग्यावरच करून दाखवा. तागा तिहेरी घडी घाला आणि त्यातल्या दोन घड्यांवर हात ठेवायला सांगा. कैची लावू नका, गिऱ्हाइकाचं कापड असेल.

'चा' लागोपाठ आले की काय होतं, याचा मासला भास्कराचार्यांच्या 'लीलावती'त आहे. हा ग्रंथ ११५० चा. भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अभ्यासासाठी त्यांच्या नातवानं, चांगदेवानं, मठ काढला होता. तसा शिलालेख आमच्या चाळीसगावजवळ पाटणला आहे, म्हणून आम्ही खानदेशी लोक ही गोष्ट सांगायची संधी सोडत नाही. एका कंजुषाकडे याचक आला. कंजुषानं त्याला दिलं काय? एका द्रम्माच्या अर्ध्याच्या दोन तृतीयांशाच्या तीन चतुर्थांशाच्या एक पंचमांशाच्या एक षोडशांशाचा एक चतुर्थांश! तर किती कवड्या दिल्या, सांग. द्रम्माचे १६ पण, पणाच्या ४ काकिणी, काकिणीच्या २० कवड्या, म्हणजे द्रम्म १२८० कवड्यांचा. आता मुलीला एकेक पायरी उतरू द्या. निम्म्या ६४०. त्यांचे दोन तृतीयांश ४२६ २/३. इथे ती घाबरेल, कवडी फुटली म्हणून. फुटू द्या. त्याचे तीन चतुर्थांश बरोबर ३२० येतात, तुकडे परत सांधतात. पंचमांश ६४. सोळावा भाग ४. चौथा भाग १. एवढं लांबण लावून पठ्ठ्यानं एक कवडी दिली. सहा वेळा गुणलं आणि सहाही वेळा कमी झालं. यानंतर ती गुणाकारानं वाढतं म्हणणार नाही, आणि कंजूष कोणाला म्हणावं हेही कळेल.

प्रश्न : वडिलांची साडेतीन एकर जमीन. आई, आम्ही दोघे भाऊ आणि बहीण असे चार सारखे हिस्से धरले आहेत. पुतण्यानं हिशेब केला : ३ १/२ × ४० = १२० १/२ गुंठे, म्हणजे प्रत्येकाला साधारण ३० गुंठे. बहिणीचे यजमान म्हणतात ३५. घरात वातावरण तापलं आहे. — निफाड

उत्तर : वातावरण निवू द्या, पाहुणे बरोबर आहेत. हिस्से सारखे चार का कसे, ते वकिलांना विचारा. मी तुम्ही सांगितलेलेच धरते.

पुतण्यानं तिनाला ४० ने गुणलं आणि अर्ध्याला तसंच सोडून दिलं. अर्धा एकर म्हणजे अर्धा गुंठा नव्हे, वीस गुंठे. पूर्णांकयुक्त अपूर्णांकाला गुणताना दोन्ही भागांना गुणायचं : ३ × ४० = १२०, १/२ × ४० = २०, एकूण १४०. किंवा आधीच ७/२ करून घ्यायचं. त्याचा चौथा हिस्सा ३५ गुंठे. त्याच्या एका चुकीनं साडेएकोणीस गुंठे हवेत गेले. निफाडला तेवढ्यात द्राक्षबाग उभी राहते.

दुसरी गोष्ट तुम्ही विचारली नाहीत, पण सांगते. सातबाऱ्यावर क्षेत्र हेक्टर-आर मध्ये असतं आणि गावोगाव 'एक गुंठा म्हणजे एक आर' असं सर्रास म्हणतात. तोंडी गप्पांत चालेल. गुंठा १०८९ चौरस फुटांचा आणि आर सुमारे १०७६ चौरस फुटांचा. गुंठ्यामागे फरक साडेबारा फुटांच्या वर. चिमूटभर वाटतो. त्याला ३५ ने गुणा, ४४० च्या घरात जातो. एवढ्या जागेत मुंबईत माणसं संसार करतात. तेव्हा ३५ गुंठ्यांच्या जागी कागदावर ३५ आर लिहून सही करू नका, ते ३५.४१ आर होतात. आणि पुतण्याला घालून पाडून बोलू नका. पन्नाशीतली माणसंसुद्धा माझ्यासमोर हीच चूक करून गेली आहेत.

प्रश्न : अर्धी गोळी दिवसातून तीनदा, सात दिवस. मी साडेदहा गोळ्या मागितल्या तर दुकानदार हसला. — परभणी

उत्तर : हिशेब बरोबर : एकवीस अर्धुकं, साडेदहा. पण गोळी पूर्णच मिळते, म्हणून अकरा घ्यायच्या. दूध साडेबावीस लिटर घेता येतं, गोळी आणि एसटीची सीट साडेदहा घेता येत नाही. कुठली गोळी अर्धी करावी आणि कुठली करू नये, हे मात्र डॉक्टरांनाच विचारा. कॅप्सूल तर मोडायचीच नसते.

प्रश्न : आई म्हणते चौघांना पाऊण वाटी तांदळाची खिचडी पुरते, तर बारा जणांना सव्वादोन वाट्या घ्यायच्या. मग हळद, मीठ, पाणी सगळंच तीनपट का? — नवीन लग्न झालेली, ठाणे

उत्तर : तांदूळ सव्वादोन, बरोबर. मीठ तीनपट काढून ठेव, पण शेवटचं थोडं चव पाहून घाल. फोडणीचं तेल आणि हळद दुपटीच्या थोडं वर पुरतं. पाणी तीनपटीला जरा कमी ठेव, मोठ्या पातेल्यात तांदळाच्या मानानं वाफ कमी उडते. आणि चौघांना पाऊण वाटी हे तुझ्या माहेरच्या चौघांचं माप आहे की सासरच्या, तेवढं आधी विचारून घे.

प्रश्न : आजी, अर्ध्या पोळीला दोनाने गुणलं तर एक पोळी होते. शून्याने गुणलं तर शून्य होतं. मग ती अर्धी पोळी कुठे जाते? — इयत्ता सहावी, भुसावळ

उत्तर : कुठे जात नाही ग. दोनाने गुणलं म्हणजे आईनं अर्धी पोळी तुझ्या ताटात दोनदा वाढली. शून्याने गुणलं म्हणजे एकदाही वाढली नाही. ताट रिकामं आहे. पोळी टोपल्यातच आहे, फडकं उचलून बघ.